तंबोऱ्यात कुणीच न छेडलेला गंधार (सरगममधला 'ग') तुम्हाला पहिल्यांदा कधी ऐकू आला? (अनुभव धागा)

तंबोऱ्याला बहुधा तारा चार. पहिली पंचमाची ('प'), मधली जोड षड्जाची ('सा'), शेवटची खर्जाची (खालचा 'सा'). गंधाराची तार त्यात नाहीच. तरी वाद्य नीट जुळलं आणि जवारी, म्हणजे तारा ज्या घोडीवर टेकतात तिच्या माथ्याचा उतार, खुली असली, की खर्जाच्या तारेतून गंधार उमटतो. जाणकार त्याला स्वयंभू गंधार म्हणतात. हाताने वाजवला नाही, गळ्याने लावला नाही, आणि तरी तो खोलीत आहे. ज्याला एकदा सापडला त्याला तो परत हरवत नाही, म्हणूनच त्या पहिल्या वेळेबद्दल लिहायला हा धागा. गाणाऱ्यांनी लिहावंच, पण तंबोरा बनवणारे, विज्ञान शिकवणारे, नुसते ऐकणारे यांनीही लिहावं. आधी विनंती करून मागवलेले काही अनुभव खाली देत आहे.

गाणं शिकणारी, नाशिक
क्लासमध्ये आमच्या बाई म्हणाल्या, "आज गायचं नाही, फक्त खर्ज छेड." बोट तारेवर आडवं ठेवून, तार न ओरबाडता, नुसतं सरकू द्यायचं. मला भरीव, खालचा 'सा' तेवढा ऐकू येत होता. मग बाईंनी अगदी बारीक आवाजात तार (वरच्या) सप्तकातला गंधार लावला आणि हळूच सोडून दिला. त्यांचे ओठ मिटले होते आणि गंधार चालूच होता! मी चक्क मागे वळून पाहिलं, दुसरं कुणी गातंय का म्हणून. बाई एवढंच म्हणाल्या, "आता तुझा गंधार याच्यात बसव." त्या दिवसापासून हार्मोनियमवर गंधार पडताळून पाहणं मी सोडून दिलं.

वाद्य बनवणारे, मिरज
तुम्ही गंधार ऐकता, आम्ही तो काढतो. भोपळा पंढरपूर-मंगळवेढ्याकडचा, दांडी तुणीच्या लाकडाची, हे सगळं जमलं तरी तंबोरा मुकाच असतो. तो बोलतो घोडीवर. घोडीचा माथा सपाट दिसतो, पण त्याला किंचित उतार असतो, आणि जवारी म्हणजे तो उतार. कानस हलकी फिरवायची, तार चढवायची, ऐकायचं, परत उतरवायची. मग तारेखाली सुताचा दोरा सरकवायचा. तो केसभर पुढेमागे झाला की आवाज एकदम उघडतो किंवा मिटतो. काळी एकला (हार्मोनियमच्या पहिल्या काळ्या पट्टीचा सूर 'सा' धरून) गाणाऱ्याची जवारी काळी चारला चालत नाही, म्हणून गिऱ्हाइकाची पट्टी आधी विचारतो. थोर गायक अब्दुल करीम खाँसाहेब आमच्याच गावात राहिले, दर्ग्यात त्यांच्या स्मरणार्थ दरवर्षी गाणं होतं. २०२४ मध्ये मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला भौगोलिक मानांकनही मिळालं. आता नवीन पोरं या कामाला बसली पाहिजेत. कानस धरायला शिकवता येते, कान तयार व्हायला वर्षं जातात.

निवृत्त भौतिकशास्त्र शिक्षक, पुणे
यात गूढ काही नाही, आणि त्यामुळे नवल कमी होत नाही. खर्ज १०० हर्ट्झचा धरा. तीच तार २००, ३००, ४००, ५०० अशीही कंप पावत असते, हे तिचे उपस्वर. ३०० म्हणजे पंचम, ४०० म्हणजे पुन्हा षड्ज आणि ५०० म्हणजे गंधार. षड्जाशी त्याचं नातं ५:४. हार्मोनियमच्या समान अंतरांच्या पट्टीतला गंधार याहून सुमारे १४ सेंटने (सेंट म्हणजे अर्ध्या सुराचा शंभरावा भाग) चढा, म्हणून तयार कानाला तो टोचतो.
खरी गंमत पुढे आहे. यंग आणि हेल्महोल्ट्झ या शास्त्रज्ञांच्या नियमाप्रमाणे तार जिथे छेडाल, तिथे ज्या उपस्वराचा स्थिर बिंदू येतो तो उपस्वर उमटायलाच नको. म्हणजे तार बरोबर एक-पंचमांशावर छेडली तर गंधार गायब व्हायला हवा. चंद्रशेखर वेंकट रामन यांनी १९२१ मध्ये दाखवलं की वीणा आणि तंबोरा हा नियम पाळत नाहीत, तिथेही तो उपस्वर जोरात येतो. कारण तीच घोडी. तार एका धारेवर टेकत नाही, माथ्याच्या उतारावर लोळते आणि दर कंपनाला तो चाटून जाते. वर मिरजकरांनी लिहिलेला दोरा केसभर सरकवून जुळवतात ते हे चाटणंच.

श्रवणतज्ज्ञ, ठाणे
मला उलट अनुभव सांगायचा आहे. पुरुषाच्या काळी एकचा खर्ज साधारण ६९ हर्ट्झचा. फोनचा इवलासा स्पीकर तो नीट काढूच शकत नाही. तरी फोनवरच्या तंबोऱ्यात आपल्याला खर्ज ऐकू येतो, कारण वरचे उपस्वर ऐकून मेंदू खालचा सूर स्वतःच भरतो. म्हणजे फोनवर जो 'सा' तुम्ही खरा समजता तो बराचसा डोक्यात असतो, आणि जो गंधार भास वाटतो तो हवेत मोजता येतो. माझ्या वडिलांना उतारवयात फार कमी ऐकू यायचं. एकदा त्यांनी कानामागचं हाड तंबोऱ्याच्या दांडीला टेकवलं. मी खर्ज छेडत राहिले. बऱ्याच वेळाने ते म्हणाले, "ग." त्यांना कुणी काही सांगितलं नव्हतं.

नुसता श्रोता, सोलापूर
मोठ्या मंडपातल्या महोत्सवांत मला कधीच सापडला नाही. घरगुती बैठकीत, माईक नसताना, गायिका घोटभर पाणी प्यायला थांबली तेव्हा सापडला.

पुढे लिहिणाऱ्यांसाठी एक खास प्रश्न, विशेषतः मालकंस राग गाणाऱ्यांना. तिथे पहिली तार मध्यमाला ('म') लावता, पण खर्ज तर आहेच, आणि त्यातून शुद्ध गंधार येणारच. गायचा मात्र कोमल, म्हणजे उतरलेला. मारवा रागात पंचम वर्ज्य, म्हणजे गायचाच नाही, तरी खर्जाच्या पोटात पंचम आहे. गाताना त्या सुराचं तुम्ही काय करता? तो ऐकू येतो का, अडवतो का, की त्याच्याशी झुंजण्यातच त्या रागाचा रंग आहे? सविस्तर लिहा. पट्टी आणि तंबोरा कसा लावता तेही सांगा.