काळाच्या उपासकांचा मठ: काल, काळ की वेळ?

प्रश्न:
एक दीर्घकथा लिहितोय. डोंगरावर मठ आहे आणि तिथले संन्यासी फक्त काळाची उपासना करतात. मूर्ती नाही, नैवेद्य नाही. पाण्यावर घटिकापात्र (तळाला बारीक भोक असलेली वाटी) सोडलेलं असतं, ते बुडालं की टोल द्यायचा, पात्र उपसून पुन्हा सोडायचं. रात्रंदिवस हेच. धर्म पूर्ण काल्पनिक आहे. त्याला मी 'कालधर्म' म्हटलंय आणि साधूंना 'कालधर्मी'. मसुदा वाचून एक जैन मैत्रीण हसत सुटली, पण कारण सांगेना. काय चुकलं?

प्रतिसाद:
हसणारच हो. जैन साधू-साध्वींचं निधन झालं की 'कालधर्म पावले' म्हणतात. संस्कृतातही कालधर्म म्हणजे मृत्यूच. तुमच्या मठातली सगळी मंडळी पहिल्याच पानावर गेलेली आहेत!
आणि हे एका शब्दापुरतं नाही. मराठीत 'काळ' कधी नुसता येत नाही, न्यायलाच येतो. काळाने झडप घातली, काळाने ओढून नेलं, कालवश झाले, काळाच्या पडद्याआड गेले. 'हा माझा काळ आहे' असं कुणी म्हटलं तर समोरच्याला घड्याळ आठवत नाही, यम आठवतो. मृत्यूची देवता हवी असेल तर शब्द चांगला आहे. काळ मोजणाऱ्यांचा पंथ हवा असेल तर नाही.

प्रतिसाद:
थोडी असहमती. काळाला देव मानायची परंपरा आपल्याकडे जुनी आहे आणि तिथे काल म्हणजे केवळ मृत्यू नाही. अथर्ववेदाच्या १९व्या कांडात ५३ आणि ५४ ही दोन सूक्ते कालावर आहेत. त्यांत काल हा सात लगामांचा घोडा आहे आणि सगळे विश्व त्याच्यापासून उत्पन्न होते. श्वेताश्वतर उपनिषदाच्या आरंभी जगाचे कारण काय असेल याची यादी आहे, तिच्यात पहिले नाव कालाचे. तेव्हा 'कालवादी' हा शब्द तयार आहे. 'कालमुख' मात्र घेऊ नका. त्या नावाचा शैव पंथ खरोखर होता, कर्नाटकात बळ्ळिगावे येथे त्यांचा मोठा मठ होता, आणि नावाचा अर्थ सहसा 'काळ्या तोंडाचे' असा लावतात.

प्रतिसाद:
सूक्ते खरी आहेत, पण कथा मराठीत आहे ना? 'काल' लिहिलंत की मराठी कानाला आधी 'आज'च्या आदला दिवस ऐकू येतो. 'कालदेव' म्हणजे परवाच्या नंतरचा आणि आजच्या आधीचा देव. 'ळ' केलात तर महाकाळ, काळभैरव, म्हणजे पुन्हा शंकर. 'समय' तर मालिकांमधल्या हिंदी वळणाच्या मराठीसारखा वाटतो.
'वेळ' का नको? या शब्दाला मराठीत दोन लिंगं आहेत, हे आपण रोज बोलतो आणि विसरतो. 'माझा वेळ गेला', पण 'जेवणाची वेळ झाली'. जो मोजता येतो, खर्च होतो, वाया जातो, तो पुल्लिंगी. जी येते, टळते, चुकते, ती स्त्रीलिंगी. संस्कृत 'वेला' स्त्रीलिंगीच आहे आणि तिचा अर्थ किनारा, मर्यादा, भरती असाही होतो. कुणी आयती देवी देतंय आणि तुम्ही यमाच्या मागे लागलाय.
म्हण आठवा: काळ आला होता, पण वेळ आली नव्हती. लोक ती अपघातातून वाचलेल्या माणसाबद्दल वापरतात. पण नीट पाहा, दारात येऊन उभा असलेला काळ हात हलवत परत जातो, कारण ती आलेली नाही. दोघांत मोठं कोण, हे म्हणीनेच सांगून टाकलंय. तुमच्या पंथाचं सगळं तत्त्वज्ञान या एका वाक्यात बसेल.

प्रतिसाद:
वा! मग नाव 'वेळाई' करा. मरीआई, जाखाई, सटवाईच्या रांगेत सहज बसेल. पाचवी-सहावीच्या रात्री सटवाई कपाळावर लिहिते आणि ते कधी घडायचं ते वेळाई ठरवते, असं काहीतरी. त्या मठात वेळ घालवणं हे पाप, आणि वेळ मारून नेणं म्हणजे थेट देवहत्या.
साधूंना वारकरी-धारकरीच्या चालीवर 'घटकाकरी' म्हणा. 'पळकरी' नको, पळून जाणारे वाटतील.

प्रश्नकर्ता:
'वेळाई' घेतली! आता मठाचं काय? विहार म्हणू?

प्रतिसाद:
विहार नको. १९५६नंतर महाराष्ट्रात त्या शब्दाचा पत्ता पक्का आहे, वाचक बुद्धविहारच समजेल. मठच राहू द्या. फक्त प्रमुखाला 'मठाधिपती' म्हणू नका, तो शब्द आता साहित्य संमेलनाच्या टीकेतच जास्त दिसतो. 'महंत' बरा. महानुभावांत आणि रामदासींत दोन्हीकडे चालतो.
कालगणना नीट ठेवा: ६० विपळांचं पळ, ६० पळांची घटका, ६० घटकांचा दिवस. घटका म्हणजे २४ मिनिटं. 'तास' हा शब्द मठात येऊ देऊ नका. फारसीत तास म्हणजे वाडगा. आपल्याकडे धातूच्या थाळीवर टोल देता देता त्या थाळीचं नाव वेळेला चिकटलं. गंमत म्हणजे शेतात नांगराने पडते तेही तासच.

प्रश्नकर्ता:
म्हणजे दिवसाला ६० टोल. एका माणसाला झेपायचं नाही, पाळ्या लावाव्या लागतील. आणि शेवटची शंका. 'कालधर्म पावला' गेलंच, मग यांच्यातला साधू वारल्यावर काय म्हणायचं?

प्रतिसाद:
'घटका भरली.' लग्नात जुने जोशी पात्र बुडालं की हेच म्हणायचे, आणि माणूस गेल्यावरही हेच म्हणतात. वेगळा शब्द शोधूच नका. आणि पाळ्यांचं म्हणाल तर दिवसाचे आठ प्रहर करा, एकाला साडेसात घटका. 'पहारा' हा शब्द प्रहरावरूनच आलाय. तेव्हा 'घटकाकरी'ही सोडा, रात्री दिव्यापाशी पात्राकडे डोळे लावून बसलेल्याला सरळ 'पहारेकरी' म्हणा.