चर्चा: आंद्रेआस ट्योल्त्सरची कारकीर्द रिनेरच्या मापाने का मोजावी?

उपान्त्य (धागाकर्ता)

जर्मनीचा ज्युदोपटू आंद्रेआस ट्योल्त्सर याचे नाव निघाले की फ्रान्सच्या तेदी रिनेरपुढे त्याचे काही चालले नाही, एवढे एक वाक्य टाकून विषय संपवला जातो. हा निवाडा मला अन्यायाचा वाटतो, म्हणून हा धागा काढत आहे.

ज्यांना हे नाव नवीन आहे त्यांच्यासाठी थोडी पार्श्वभूमी. ट्योल्त्सरचा जन्म 1980 साली बॉनमध्ये झाला. तो म्योन्शेनग्लाडबाखच्या क्लबकडून खेळला आणि 100 किलोंवरील गटात त्याने सलग दोन वर्षे विश्व अजिंक्यपद स्पर्धेची अंतिम फेरी गाठली, 2010 मध्ये टोकियोत आणि 2011 मध्ये पॅरिसमध्ये. दोन्ही वेळा समोर फ्रान्सचा तेदी रिनेर होता आणि दोन्ही वेळा रौप्यपदकच हाती आले. 2012 च्या लंडन ऑलिंपिकमध्ये त्याने कांस्यपदक मिळवले. पहिल्या अंतिम लढतीच्या वेळी तो 30 वर्षांचा होता आणि रिनेर 21 वर्षांचा.

आता रिनेरचा तो काळ पाहा. सप्टेंबर 2010 मध्ये झालेल्या एका पराभवानंतर फेब्रुवारी 2020 मध्ये पॅरिसला जपानच्या कोकोरो कागेउराने त्याला हरवीपर्यंत तो सलग 154 लढती जिंकला. नऊ वर्षांहून अधिक काळ ज्याला जगात कोणीच हरवू शकले नाही, त्याच्याकडून हरणे हा कमीपणा कसा ठरतो? त्या दोन वर्षांत रिनेर सोडून जगात जेवढे म्हणून अतिवजनी मल्ल होते, त्यांच्यापैकी कोणालाही ट्योल्त्सरला विश्व स्पर्धेच्या अंतिम फेरीबाहेर ठेवता आले नाही. माझ्या मते ज्युदोत विश्व किंवा ऑलिंपिक सुवर्णपदक नसलेल्या अतिवजनी खेळाडूंमध्ये त्याची जागा अगदी वरची आहे.

खडूस मास्तर

धागाकर्त्यांचा आवेश समजतो, परंतु त्यांनी सोयीचे तेवढेच सांगितले आहे. ज्या एका पराभवाचा उल्लेख त्यांनी ओझरता उरकला, तो नेमका कोणता? टोकियोच्या त्याच स्पर्धेत, ट्योल्त्सरला हरवल्यानंतर चारच दिवसांनी, खुल्या, म्हणजे वजनाची अट नसलेल्या, गटाच्या अंतिम लढतीत रिनेरला जपानच्या दाइकी कामिकावाने हरवले. लढत गुणांवर सुटली नाही, तेव्हा पंचांनी झेंडे उचलून दोन विरुद्ध एक असा कौल दिला. त्या कौलावर वाद घालणारे आजही आहेत, आणि खुद्द रिनेरलाही तो पटलेला नव्हता. पण मुद्दा असा की त्याच सभागृहात, त्याच आठवड्यात, रिनेरसमोर शेवटपर्यंत उभे राहून कौल खेचून आणणारा एक कोवळा विद्यार्थी निघाला. म्हणजे दार पूर्ण बंद नव्हते.

दुसरी गोष्ट, लंडनमध्ये ट्योल्त्सर रिनेरकडून हरलाच नाही. रिनेर ड्रॉच्या दुसऱ्या अर्ध्या भागात होता आणि उपांत्य लढतीत कोरियाच्या किम सुंग-मिनशी खेळला. ट्योल्त्सरला उपांत्य फेरीत रशियाच्या अलेक्झांडर मिखाइलिनने रोखले. त्या पराभवाचे खापर रिनेरच्या माथी कसे फोडणार?

तिसरी गोष्ट, रिनेर येण्यापूर्वीचा काळ. 2003 मध्ये या गटाचा विश्वविजेता जपानचा यासुयुकी मुनेता होता, 2005 मध्ये मिखाइलिन. 2007 मध्ये 18 वर्षांचा रिनेर जिंकला हे खरे, पण 2008 च्या बीजिंग ऑलिंपिकमध्ये तोच रिनेर उपांत्यपूर्व फेरीत उझबेकिस्तानच्या अब्दुल्लो तांग्रिएवकडून हरला आणि त्याला कांस्यपदकावर थांबावे लागले. सुवर्ण गेले जपानच्या सातोशी इशीईकडे. ट्योल्त्सर तेव्हा 28 वर्षांचा होता, बीजिंगला खेळलाही होता आणि रिकाम्या हाताने परतला. रिनेरची सावली पडायच्या आधी जी संधी होती, तिचे काय झाले हे धागाकर्त्यांनी सांगावे.

सांगावा

मास्तरांनी आकडे बिनचूक मांडले आहेत, पण अतिवजनी गटाची एक अडचण त्यांच्या हिशेबात आलेली नाही. 73 किलोंच्या गटातल्या खेळाडूला समोर एखादा अजिंक्य प्रतिस्पर्धी दिसला तर तो वजन वाढवून 81 मध्ये जाऊ शकतो, क्वचित घटवून खालीही उतरतो, आणि असे करून कारकीर्द सावरणारे अनेक आहेत. 100 किलोंवरील गटाला वरून मर्यादाच नाही. त्यापुढे जायला गट नाही, आणि ट्योल्त्सरसारख्या देहाच्या माणसाने 100 किलोंखाली उतरायचे म्हणजे अंगातली ताकदच काढून ठेवण्यासारखे आहे. त्यामुळे या गटात जो कोणी शिखरावर बसतो, त्याच्याखालच्यांना तो थकण्याची वाट पाहण्यावाचून गत्यंतर नसते. इथे तर शिखरावर बसलेला माणूस नऊ वर्षांनी लहान होता.

खुला गट ही एक वाट होती, पण 1984 नंतर तो ऑलिंपिकमधून गेला.

खडूस मास्तर

सांगावा यांचा मुद्दा ऐकायला चांगला आहे, पण जपानच्या केइजी सुझुकीचे काय करायचे? तो मूळचा 100 किलोंखालचा माणूस. 2003 मध्ये ओसाकाला खुल्या गटाचा विश्वविजेता झाला, 2004 मध्ये अथेन्सला 100 किलोंवरील गटात, आपल्याहून कितीतरी जड माणसांमध्ये, ऑलिंपिक सुवर्ण जिंकला आणि 2005 मध्ये कैरोला 100 किलोंखालील गटात पुन्हा विश्वविजेता झाला. वजनगट ही भिंत असतेच असे नाही. सुझुकीचे पाय वेगाने चालत होते, म्हणून त्याने ती ओलांडली.

निळी ज्युदोगी

मी काही वर्षे मॅटवर घालवली आहेत, त्यामुळे पदकांच्या यादीपेक्षा खेळाबद्दल लिहितो.

ट्योल्त्सरचे बलस्थान ने-वाझा होते, म्हणजे जमिनीवरचा खेळ. प्रतिस्पर्धी गुडघे आणि कोपरे टेकून, मान आत ओढून कासवासारखा बसला की बहुतेक अतिवजनी खेळाडू दोन-चार झटके देतात आणि पंचांच्या ‘माते’ची, म्हणजे ‘थांबा’ या इशाऱ्याची, वाट पाहतात, कारण एवढ्या जड माणसाला पालथ्याचा उताणा करण्यात दम जातो आणि पुढची लढत उभ्याने खेळायची असते. ट्योल्त्सर त्या अवस्थेत शांतपणे काम करत असे. एकदा का प्रतिस्पर्ध्याची पाठ मॅटला लागली आणि पकड बसली, की त्या वेळच्या नियमानुसार 25 सेकंद दाबून धरले म्हणजे इप्पोन, आपल्या भाषेत चीतपट, आणि लढत तिथेच संपली. दाढीवाला धिप्पाड माणूस वर पसरला आहे आणि खालचा एकेक सेकंद मोजतो आहे, हे दृश्य अनेकांनी पाहिले असेल.

पण या खेळाला एक अट आहे. प्रतिस्पर्धी आधी जमिनीवर आला पाहिजे. तो येतो कधी? त्याचा डाव फसला, किंवा तुमच्या अर्धवट डावाने तो पोटावर पडला, तर. रिनेर दोन मीटरहून उंच. त्याचा उजवा हात समोरच्याच्या खांद्यावरून मागे जातो आणि पाठीवरची ज्युदोगी, म्हणजे ज्युदोचा पोशाख, मुठीत धरतो, डावा हात बाही आवळतो. एवढे झाले की समोरच्याची मान खाली वाकते, त्याला पाय उचलता येत नाही, आणि पाय उचलला तर तोच पाय ओसोतो-गारीसाठी, म्हणजे मागून पाय उडवून पाडण्याच्या डावासाठी, मिळतो. या पकडीत अडकलेला माणूस डाव टाकत नाही म्हणून त्याला निष्क्रियतेबद्दल शिदो मिळतो, म्हणजे दंड. डाव टाकला तर पडतो, न टाकला तर दंड बसतो, आणि रिनेर मात्र जमिनीवर जायला राजी नसतो. ट्योल्त्सरचे उत्तम हत्यार या लढतीत म्यानातून बाहेर येण्याचीच सोय नव्हती. नशीब वगैरे शब्द मी वापरणार नाही. ही शैलींची गाठ होती आणि ती एकाच्या बाजूने फार झुकलेली होती.

सुझुकीचे उदाहरण म्हणूनच इथे बसत नाही. अथेन्समध्ये त्याच्यासमोर अंतिम फेरीत तामेर्लान त्मेनोव्ह होता, 15 वर्षांचा रिनेर तेव्हा घरी होता.

दक्षिणद्वार

दुर्दैवाचीच चर्चा करायची असेल तर जर्मनीच्याच क्लाउस ग्लानबद्दल बोलू या, ट्योल्त्सरबद्दल नव्हे. 1964 मध्ये टोकियोत ज्युदो पहिल्यांदा ऑलिंपिकमध्ये आला. तेव्हा पूर्व आणि पश्चिम जर्मनीचा एकत्र संघ होता आणि ग्लान त्यातून खुल्या गटात खेळला. उपांत्य फेरीत जपानच्या अकिओ कामिनागाने त्याला हरवले आणि त्याला कांस्यपदक मिळाले. याच कामिनागाला पुढच्या लढतीत डच आंतोन हेसिंकने बुदोकान सभागृहात दाबून धरले आणि सारा जपान सुन्न झाला. ती लढत सगळ्यांना ठाऊक आहे, तिच्या आधीची ग्लानची लढत कोणाला आठवत नाही.

त्यानंतर ग्लान 1967 मध्ये सॉल्ट लेक सिटीला विश्व स्पर्धेत खुल्या गटाच्या अंतिम फेरीपर्यंत गेला आणि मित्सुओ मात्सुनागाकडून हरला. म्हणजे ऐन पंचविशीत तो जगातल्या पहिल्या दोघांमध्ये होता. पण 1968 च्या मेक्सिको ऑलिंपिकमध्ये ज्युदोच नव्हता! यजमानांच्या आग्रहामुळे 1964 मध्ये आलेला खेळ पुढच्या वेळी वगळला गेला आणि 1972 मध्ये म्युनिकला परत आला. ग्लान तोपर्यंत तिशीला पोहोचला होता. मायदेशी, स्वतःच्या प्रेक्षकांसमोर, 93 किलोंवरील गटाच्या अंतिम फेरीत त्याला विम रुस्काने हरवले. रुस्का त्याच स्पर्धेत पुढे खुल्या गटातही जिंकला. एकाच ऑलिंपिकमध्ये ज्युदोची दोन वैयक्तिक सुवर्णपदके आजवर त्याच्याशिवाय कोणालाही मिळालेली नाहीत.

ट्योल्त्सरला बीजिंग आणि लंडन अशी दोन ऑलिंपिके चार वर्षांच्या अंतराने मिळाली. ग्लानचे ऐन उमेदीतले ऑलिंपिक कॅलेंडरातूनच पुसले गेले. अन्याय हा शब्द मी तिथे वापरीन.

उपान्त्य (धागाकर्ता)

दक्षिणद्वार यांचा प्रतिसाद फार आवडला, पण ग्लानवर जास्त अन्याय झाला म्हणून ट्योल्त्सरवर झालाच नाही, असे त्यातून निघत नाही.

मास्तरांच्या बीजिंगच्या प्रश्नाला उत्तर देतो. अतिवजनी ज्युदोपटू उशिरा पिकतो. मिखाइलिनने 2001 मध्ये म्युनिकला एकाच विश्व स्पर्धेत 100 किलोंवरील आणि खुला असे दोन्ही गट जिंकले होते, आणि 2012 मध्ये वयाच्या 32 व्या वर्षी तो ऑलिंपिक अंतिम फेरीत होता. रिनेर स्वतः 2024 मध्ये पॅरिसला 35 वर्षांचा असताना सुवर्ण जिंकला. तेव्हा 28 व्या वर्षी रिकाम्या हाताने परतलेला माणूस 30 आणि 31 व्या वर्षी जगात दुसरा येतो, यात मला विसंगती दिसत नाही. उलट बीजिंगनंतर खेळात बरेच काही बदलले. 2009 पासून जागतिक क्रमवारी, ग्रँड स्लॅम, ग्रँड प्रिक्स अशी वर्षभराची फेरी सुरू झाली आणि 2010 मध्ये पायांना थेट हात घालण्यावर बंधने आली. या बदलत्या काळात अनेक जुने खेळाडू मागे पडले. ट्योल्त्सरचा खेळ मात्र त्याच काळात उजळला.

लंडनबद्दल मास्तरांचे म्हणणे तथ्य म्हणून बरोबर आहे, निष्कर्ष म्हणून नाही. मिखाइलिनकडून हरणे ही कोणाकडूनही हरण्यासारखी गोष्ट नव्हे.

खडूस मास्तर

उशिरा पिकण्याचा सिद्धांत सोयीचा आहे, कारण तो नेहमी घटना घडून गेल्यावरच सिद्ध होतो. रिनेर 18 व्या वर्षी पिकला होता, हे धागाकर्ते याच धाग्यात विसरले.

माझे मूळ म्हणणे व्यक्तीपेक्षा मोठे आहे. ऑलिंपिकच्या सर्वांत जड वजनगटात जर्मन पुरुषांची यादी पाहा: 1972 मध्ये ग्लान रौप्य, 1976 मध्ये माँट्रियलला पश्चिम जर्मनीचा ग्युंटर नॉयरॉयटर रौप्य, 1988 मध्ये सेऊलला पूर्व जर्मनीचा हेन्री श्ट्योर अंतिम फेरीत हितोशी साइतोकडून हरला, रौप्य, 1996 मध्ये अटलांटाला फ्रांक म्योलर कांस्य, सुवर्ण दाविद दुइएला, 2012 मध्ये ट्योल्त्सर कांस्य. प्रत्येक वेळी वर कोणीतरी असामान्य माणूस होता, हे मान्य. पण एवढ्या पिढ्या सगळ्यांनाच असामान्य माणूस आडवा येत असेल, तर त्याला एकट्या ट्योल्त्सरचे दुर्दैव म्हणता येत नाही. ज्युदोत फ्रान्सच्या परवानाधारक खेळाडूंची संख्या पाच लाखांच्या वर असते, जर्मनीची त्याच्या जवळपासही नाही. रिनेरला रोज सरावाला तशाच ताकदीची माणसे पॅरिसमध्येच मिळत होती. जर्मन अतिवजनी खेळाडूला तशी जोड मिळवायला परदेशी शिबिरांची वाट पाहावी लागते.

सांगावा

मास्तर, तुम्ही नकळत धागाकर्त्यांचीच बाजू मांडलीत. व्यवस्था तोकडी असूनही माणूस दोनदा अंतिम फेरीला पोहोचला असेल, तर श्रेय त्याचे वाढते, घटत नाही.

शिवाय यादीत एक नाव राहिले. 1980 मध्ये मॉस्कोला पूर्व जर्मनीच्या डीटमार लोरेन्झने खुल्या गटाचे सुवर्ण जिंकले, आणि तेही 95 किलोंवरील गटाचा नवा विजेता आंजेलो पारिसी याला अंतिम फेरीत हरवून. लोरेन्झ स्वतः 95 किलोंच्या आतला होता आणि त्या गटात त्याला कांस्य मिळाले होते.

खडूस मास्तर

मी सर्वांत जड वजनगट म्हटले होते, खुला गट नव्हे. लोरेन्झचे उदाहरण तर माझ्या बाजूचे आहे: हलका जर्मन जड फ्रेंच माणसाला हरवू शकतो, हे 1980 मध्येच दिसून आले होते.

निळी ज्युदोगी

एक गोष्ट राहून जात आहे. लंडनमध्ये उपांत्य लढत हरल्यावर ट्योल्त्सरला त्याच दुपारी कांस्यपदकासाठी परत मॅटवर यावे लागले. सुवर्णाची आशा नुकतीच संपलेली, अंगात सकाळपासूनच्या लढतींचा शीण, आणि समोर रेपेचाजमधून, म्हणजे आधी हरलेल्यांना मिळणाऱ्या दुसऱ्या संधीच्या फेरीतून, जिंकून आलेला, हरण्यासारखे काही न उरलेला माणूस. रौप्य हरून मिळते आणि कांस्य जिंकून, हे वाक्य आता घासून गुळगुळीत झाले आहे, म्हणून ते मी पुन्हा सांगणार नाही. पण त्या काळी अतिवजनी गटात 5 मिनिटांच्या लढती एकाच दिवसात चार-पाच खेळायच्या असत आणि शेवटची लढत खेळताना पायांत काय उरलेले असते, हे ज्याने अनुभवले आहे, तो टोकियो आणि पॅरिसच्या रौप्यांपेक्षा लंडनचे कांस्य वर धरेल.

दक्षिणद्वार

मी नाही धरणार. विश्व स्पर्धेची अंतिम फेरी दोनदा, तीही पहिल्या वेळी जपानमध्ये, जिथे प्रत्येक देशाला एका गटात दोन खेळाडू उतरवता येत होते आणि यजमानांचे दोघे मैदानात होते. ऑलिंपिकमध्ये देशागणिक एकच. मॅटवरच्या कसोटीच्या दृष्टीने टोकियो लंडनहून कठीण होते, फक्त प्रसिद्धी लंडनला जास्त मिळाली.

उपान्त्य (धागाकर्ता)

देशागणिक दोन खेळाडूंचा हा मुद्दा माझ्या मूळ लेखात यायला हवा असा आहे, तो तिथे जोडतो. मास्तरांना एकच विचारतो: 2010 आणि 2011 या दोन वर्षांत, रिनेर वगळता, या गटात ट्योल्त्सरच्या वर तुम्ही कोणाला ठेवाल?

खडूस मास्तर

कामिकावाला. विश्व स्पर्धेचे सुवर्ण त्याच्याकडे आहे, आणि ते रिनेरला हरवून मिळवलेले आहे. त्याच्या खाली ट्योल्त्सर, याला माझी हरकत नाही.