पडद्यावरच्या आईचं वय कोण ठरवतं?

निशिगंध:
परवा आईसोबत १९९०चा 'अग्निपथ' पाहिला. अमिताभ १९४२चा, त्याची आई झालेल्या रोहिणी हट्टंगडी १९५१च्या. आई मुलापेक्षा नऊ वर्षांनी लहान! 'मदर इंडिया'त (१९५७) नर्गिस आणि सुनील दत्त दोघेही १९२९चे. तिथे एकवेळ ठीक, नव्या नवरीपासून म्हातारपणापर्यंतची गोष्ट आहे. पण हिरो साठीतही हिरो राहतो आणि त्याच्या वयाच्या नटीला त्याची आईसुद्धा होऊ देत नाहीत, हे कसं? माझी आई चौसष्टची. बँकेतून निवृत्त झाली, सोसायटीचे हिशेब बघते, आता पोहायला शिकतेय. अशी बाई पडद्यावर शोधूनही सापडत नाही याचा राग येतो.

मुळामुठा:
जुन्या सिनेमांवरून आजचा निवाडा नको. 'बाईपण भारी देवा' (२०२३) बघा. सहा बहिणी, त्यांच्याभोवतीच सगळी गोष्ट, आणि सत्तर कोटींच्या वर धंदा. आमच्या गल्लीतल्या बायका नटूनथटून घोळक्यानं गेल्या होत्या. 'आई कुठे काय करते' २०१९पासून २०२४पर्यंत चालली, तीही घटस्फोटानंतर उभ्या राहिलेल्या बाईची. हिंदीत नीना गुप्तांना २०१७मध्ये इन्स्टाग्रामवर काम मागावं लागलं, पण पुढच्याच वर्षी त्यांची मोठी भूमिका असलेला 'बधाई हो' आला.

निशिगंध:
काम मिळतं, मान्य. पण कसलं? मालिकेतली सासू एक तर कारस्थानी, नाहीतर सोशिक. तिला मैत्रिणी नसतात, गुडघे दुखत नाहीत, स्वतःचं बँकखातं तर नसतंच.

तिसरी घंटा:
'अग्गंबाई सासूबाई'बद्दल लिहिल्याशिवाय राहवत नाही. विधवा सासूचं लग्न सून लावून देते. माझी मावशी बावन्नाव्या वर्षी एकटी पडली. ती मालिका ती रोज बघायची. एकदा जेवताना म्हणाली, "मलाही आवडलं असतं गं. तुम्ही कुणी विचारलंच नाहीत." आम्ही सगळे गप्प. वीस वर्षांत आमच्यापैकी एकाच्याही डोक्यात तो प्रश्न आला नव्हता. नंतर कथा त्या सासूच्या मुलाच्या, बबड्याच्या हट्टांमागे धावत सुटली, ते मला मुळीच पटलं नाही. तरी मावशीला बोलतं केलं ते त्याच मालिकेनं.

खान्देशी:
तुमच्या या सगळ्या बायका फ्लॅटमधल्या. माझी आजी सत्तरीत निंदणीला जाते, मजुरीचा हिशेब तोंडपाठ. गावाकडची म्हातारी पडद्यावर आली की लोकांना हसवायला, नाहीतर मरायला.

मुळामुठा:
खान्देशी, हे मात्र खरं. पण निशिगंध, सोशिक आई खोटी नसते. आमच्या घरात तशीच होती. 'श्यामची आई'ला पहिलं राष्ट्रपती सुवर्णपदक मिळालं ते लोकांना ती आपली वाटली म्हणूनच, असं मी मानतो. तिला हाकलून लावू नका.

निशिगंध:
हाकलत नाहीये. साने गुरुजींच्या पुस्तकात सावकाराचा माणूस दारात येऊन वाटेल ते बोलतो, तेव्हा हीच आई त्याला चांगलंच खडसावते. आपण तिच्या डोळ्यांतलं पाणी लक्षात ठेवलं. तिचा तो आवाज कुठल्या मालिकेतल्या आईला दिलाय, सांगा.