आरटीईचे पैसे थकलेत म्हणून पुढच्या वर्षी २५ टक्के प्रवेश बंद करता येतात का?

शाळेतल्या बाई
एका छोट्या विनाअनुदानित शाळेची मी मुख्याध्यापिका. २१४ मुलं, त्यातली ३८ आरटीईतून, म्हणजे शिक्षण हक्क कायद्याच्या २५ टक्के मोफत जागांवर आलेली. आमची वर्षाची फी १५,५०० रुपये, म्हणजे सरकार एका मुलामागे देतं त्या १७,६७० च्या दराच्या आतच. या मुलांच्या फीची सरकारने शाळेला करायची भरपाई, म्हणजे प्रतिपूर्ती, तिचा तीन वर्षांत एकच हप्ता आला, तोही अर्धवट. पडताळणी झाली, हजेरीपटाच्या झेरॉक्स दोनदा दिल्या, मुलांचे आधार जुळवून दिले. विचारायला गेलं की उत्तर ठरलेलं, ‘निधी आला की मिळेल.’ गेल्या दिवाळीत शिक्षकांचा पगार दोन टप्प्यांत केला, तेव्हा तिसरीच्या बाईंनी पाकीट न मोजता पर्समध्ये ठेवलं. ते अजून डोळ्यासमोरून जात नाही.

परवा संस्थेच्या बैठकीत ठरलं की थकबाकी मिळेपर्यंत नवीन प्रवेश द्यायचे नाहीत. एकजण तर म्हणाले, तोवर पालकांकडून निम्मी फी घ्या, पैसे आले की परत करू. मी सही केलेली नाही. कायद्याने यातलं काय चालतं? आणि कोर्टात जायचं तर कशासाठी?

वकिली करतो
मॅडम, सही केली नाहीत हे उत्तम. हे दोन वेगवेगळे हिशेब आहेत. शिक्षण हक्क कायद्याच्या कलम १२(१)(क) प्रमाणे २५ टक्के जागा देणं हे शाळेवरचं बंधन, आणि १२(२) प्रमाणे पैसे देणं हे सरकारवरचं. एकाने आपलं मोडलं म्हणून दुसऱ्याला आपलं मोडायची मुभा कायदा देत नाही, कारण मध्ये उभं असलेलं मूल या व्यवहारात कुणाचंच देणेकरी नाही. निम्मी फी तर अजिबात नको. कलमात ‘मोफत’ असा शब्द आहे, तात्पुरती घेतलेली फीसुद्धा फीच.

२०१२ साली सर्वोच्च न्यायालयाने हे बंधन विनाअनुदानित शाळांवरही कायम ठेवलं. पुढे २०१४ मध्ये सगळ्याच अल्पसंख्याक शाळा त्यातून वगळल्या गेल्या, त्यात तुमची शाळा बसत नसेल तर तो मुद्दा सोडा.

तुमची खरी बाजू पैशाची आहे आणि ती भक्कम आहे. घटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका करून ठरावीक मुदतीत रक्कम देण्याचा आदेश मागता येतो. त्याआधी वर्षवार तक्ता करा: किती मुलं, मंजूर किती, मिळाले किती, बाकी किती. त्यासोबत निवेदन द्या आणि पोच घ्या. तोंडी विचारपूस कोर्टात दिसत नाही. एक गोष्ट आधी तपासा, संस्थेला जमीन सवलतीत मिळाली आहे का. त्या बदल्यात काही मुलांना मोफत शिकवण्याची अट असेल, तर तेवढ्यांची प्रतिपूर्ती मिळत नाही. सरकारी वकील पहिलं बोट तिथेच ठेवतील.

संस्थाचालक
वकीलसाहेब, कागदावर सगळं बरोबर आहे. पण पगार कागदावर होत नाहीत. १७,६७० हा आकडा आम्ही किती वर्षं ऐकतोय, कोरोनात तर तो ८,००० वर आणला होता. वीजबिल, भाडं कुणी कमी केलं? मोठ्या शाळा बाकीच्यांची फी वाढवून भागवतात, आमच्यासारख्यांकडे तीही सोय नाही. बाईंच्या संस्थेला दोष देऊ नका.

एका मुलीची आई
दोष नाही देत दादा, पण २०२४ चा उन्हाळा आम्हाला विचारा. ९ फेब्रुवारीला सरकारने नियम बदलला. एक किलोमीटरच्या आत सरकारी किंवा अनुदानित शाळा असेल तर खासगी शाळेला २५ टक्के जागा देण्याची गरज नाही, असा. मी सायबर कॅफेत फॉर्म भरायला बसले तर यादीत त्याच सरकारी-अनुदानित शाळा, जिथे लेक तशीही जाऊ शकली असती. कॅफेतल्या मुलाने तीनदा पान रिफ्रेश केलं आणि म्हणाला, ‘ताई, एवढ्याच येतायत.’

मेमध्ये उच्च न्यायालयाने स्थगिती दिली, फॉर्म पुन्हा भरले. १९ जुलैला तो बदल रद्द झाला, तोवर बाकीच्या मुलांचं एक महिन्याचं शिकून झालं होतं. पैसे द्यायचे नाहीत म्हणून जागाच काढून टाकायच्या, आम्हाला तर तेच दिसलं. आता शाळाही तेच करणार असतील तर आम्ही जायचं कुठे?

वकिली करतो
ताईंनी सांगितलेला निकाल बाईंनी संस्थेच्या बैठकीत जरूर वाचून दाखवावा. तो बदल मूळ कायद्याच्या आणि घटनेच्या विरोधात आहे, असं न्यायालयाने म्हटलं. शाळांच्या संघटनेने सर्वोच्च न्यायालयात दाद मागितली, तिथेही ऑगस्टमध्ये ती फेटाळली गेली. खुद्द सरकारला जे जमलं नाही, ते एका संस्थेच्या ठरावाने कसं जमेल?

संस्थाचालक सर, तुमचा दराचा मुद्दा खरा आहे. पण तो वेगळा लढावा लागेल, आणि एकट्या शाळेने नाही. तालुक्यातल्या पाच-सहा शाळा मिळून याचिका करा, खर्चही वाटला जाईल.

शाळेतल्या बाई
सगळ्यांचे आभार. जमीन संस्थेने विकत घेतलेली आहे, खरेदीखत आज कपाटातून काढून पाहिलं. काल रात्री तक्ता करायला बसले. एका वर्षी मंजूर यादीत ३८ ऐवजी ३५ नावं आहेत. ती तीन मुलं रोज वर्गात होती, हजेरीपट माझ्याकडे आहे. त्यांचंही निवेदनात घालते.

संस्थाचालक सर, तुम्ही कोणत्या तालुक्यातले? निरोप पाठवा. सोमवारी बैठक आहे, तिथे मी दोन शाळांची नावं घेऊन जाऊ शकले तर ठराव मागे घ्यायला लावणं सोपं जाईल.