मदत हवी आहे: आत्याच्या ट्रंकेतले शंख-शिंपले प्रदर्शनात लावायचे कसे?

रंगाईवाला

नमस्कार मंडळी, सोलापूरहून लिहितोय. आमच्या घराला समुद्राचा वारा कधी लागलेला नाही, त्यामुळे प्रश्न बाळबोध वाटले तर चालवून घ्या.

माझी आत्या नोकरीमुळे बरीच वर्षं रत्नागिरीला होती. आता आमच्याकडे राहायला आली आणि येताना पत्र्याची ट्रंक घेऊन आली. उघडली तर साड्या वर आणि खाली शंख-शिंपले! बरेचसे किनाऱ्यावर वेचलेले, काही रामेश्वरच्या यात्रेत विकत घेतलेले. लेक नववीला आहे. तिने लगेच शाळेच्या विज्ञान प्रदर्शनासाठी 'समुद्री गोगलगायी आणि त्यांचं गणगोत' हा विषय ठरवून टाकला. आता घरात रोज वाद. लेकीला शास्त्रीय पद्धतीने मांडायचंय, आत्याचं म्हणणं रंग बघून लावा, लोक थांबून बघतील.

ट्रंकेत काय आहे ते सांगतो. पिवळट छोट्या कवड्या आणि एक मोठी ठिपक्यांची. स्क्रूसारखे लांबट पीळदार शंख. शर्टाच्या बटणाएवढे चकचकीत, प्रत्येकाची नक्षी वेगळी, हे तर ओंजळभर. एक काटेरी. एक निमुळता, वर जाळीसारखी नक्षी असलेला. हत्तीच्या सुळ्यासारखी पोकळ नळी, दोन्ही टोकांना उघडी. गोल वेटोळ्याचा एक मोठा, पांढऱ्यावर तांबूस पट्टे आणि आत मोत्यासारखी चमक. शिंपले भरपूर, आणि त्यांतल्या कित्येकांना ड्रिलने पाडावं तसं गोल भोक. शिवाय एक पांढरी, हलकी, होडीच्या आकाराची वस्तू, नखाने खरवडली की पीठ निघतं.

विचारायचंय ते असं: मांडणी कुठल्या नियमाने करावी? भोकं कोणी पाडली? बायकोच्या माहेरच्यांनी गड्ड्याच्या जत्रेतून चांगले पैसे मोजून 'दक्षिणावर्ती' शंख आणलाय, तो खरा कसा ओळखायचा? आणि माझ्या धंद्यातलं एक. मी टॉवेलच्या कारखान्यात रंगाई बघतो. पूर्वी शंखातल्या किड्यापासून राजेलोकांचा जांभळा रंग काढायचे म्हणतात. खरंय का ते?

खाडीकाठ

भोकांचं मी सांगतो. भिंग घ्या आणि भोकाची कड बघा. बाहेरून रुंद आणि आत अरुंद, कड उतरती असेल, तर काम नॅटिका जातीच्या गोगलगाईचं. गोल गुळगुळीत शंख असतो तिचा, तुमच्या ट्रंकेतही सापडेल एखादा. वाळूखालून जाऊन ती शिंपला गाठते, आपल्या रुंद पायात गुंडाळते आणि एकाच जागी कवच पोखरत बसते. आधी आम्लाचा स्राव सोडून कवच मऊ करायचं, मग दातेरी जिभेने खरवडायचं, परत स्राव. तासन् तास चालतं. आरपार झालं की सोंड आत घालून मांस खाते. भोक सरळ नळीसारखं असेल तर बहुतेक म्युरेक्सच्या जातकुळीतलं कोणीतरी, म्हणजे तुमचा तो काटेरी.

अर्धंच पोखरलेलं भोक असलेला शिंपला मिळतो का बघा. तो सगळ्यात पुढे ठेवा. शिकार फसली त्याचा पुरावा आहे तो.

बटणासारखे ते अम्बोनियम. आमच्या किनाऱ्यावर खच पडतो त्यांचा. पोरं खिसे भरून नेतात आणि धुण्यात आया ओरडतात.

भिंगातून

प्राणिशास्त्र शिकवते, म्हणून मांडणीबद्दल लिहिते. रंगावर अजिबात जाऊ नका. एकाच जातीचे अम्बोनियम किती रंगांत येतात ते तुमच्या ओंजळीतच दिसतंय की.

मृदुकाय संघात, म्हणजे गोगलगायी, शिंपले, ऑक्टोपस यांच्या गणगोतात, आज जिवंत असलेल्या सुमारे ८५ हजार जाती नोंदलेल्या आहेत. कीटक-खेकड्यांच्या संधिपाद संघाखालोखाल हाच मोठा, आणि त्यातला सिंहाचा वाटा गोगलगायींचा. तुमच्याकडे चार घराणी आहेत: गोगलगायी (कवड्या, पीळदार, बटणं, काटेरी, शंख), दोन झडपांचे शिंपले, तो सुळा म्हणजे स्कॅफोपॉड, आणि ऑक्टोपस-माकुलाचं घराणं. सुळ्याचा मालक वाळूत डोकं खाली करून राहतो, निमुळतं टोक तेवढं वर. कायटन नावाचं पाचवं घराणं ट्रंकेत दिसत नाही. पाठीवर आठ पट्ट्या असतात, खडकाला चिकटून बसतो. त्याचं चित्र काढा. मोनोप्लॅकोफोरा नावाचं आणखी एक घराणं आहे. फक्त जीवाश्मांतून माहीत असलेलं, कोट्यवधी वर्षांपूर्वी संपलं असं सगळे धरून चालले होते. १९५२ साली डेन्मार्कच्या गॅलथिया मोहिमेत कोस्टा रिकाजवळच्या खोल समुद्रातून ते जिवंत वर आलं. मुलांना ही गोष्ट नक्की सांगा.

निमुळता जाळीदार तो 'कोन', म्हणजे शंकूच्या आकाराची शिकारी गोगलगाय. रिकामा शंख निरुपद्रवी, बिनधास्त हाताळा. पण किनाऱ्यावर जिवंत कोन कधीही उचलू नये. त्याचा दात पोकळ भाल्यासारखा असतो आणि त्यातून विष टोचतो. कोनस जिओग्राफस या जातीच्या दंशाने माणसं दगावलेली आहेत. कोनस मॅगस या जातीच्या विषातल्या एका रेणूवरून झिकोनोटाइड हे वेदनाशामक तयार झालं. मणक्यातल्या द्रवात देतात ते. अमेरिकेत २००४ मध्ये त्याला मान्यता मिळाली.

खाडीकाठ

ताई, घराण्याने मांडलं तर शाळेतल्या पोरांना चार ढीग दिसणार आणि ती पुढे जाणार. कोण काय खातं त्यावर मांडा. दगडावरचं शेवाळ खरवडणारे, पोखरणारे, भाला मारणारे, पाणी गाळणारे. पोरं तिथून हलायची नाहीत.

भिंगातून

दादा, मग तुमचं अम्बोनियम कुठे ठेवाल? गोगलगाय असून ते शिंपल्यासारखं पाणी गाळून खातं. स्क्रूसारखा टरिटेलाही तसाच. खाण्यावर गेलात तर गोगलगाय आणि शिंपला एका ताटात येतील आणि परीक्षक पहिला प्रश्न तिथेच विचारतील.

रंगाईवाला

दोघांचं वाचून लेकीनेच तोडगा काढला. मांडणी घराण्याप्रमाणे. आणि कारखान्यातलं रंगीत सूत आणायचं, जो जसं खातो त्या रंगाचा धागा त्याला बांधायचा. गाळणाऱ्यांना निळा, शिकाऱ्यांना लाल, शेवाळ खाणाऱ्यांना हिरवा. म्हणजे शिंपल्यांच्या रांगेत सगळे निळे आणि गोगलगायींच्या रांगेत तिन्ही रंग. एकाच घराण्याने किती धंदे केलेत ते लांबूनच दिसेल म्हणते. आत्याही गप्प झाली, रंग आले ना शेवटी!

भोकं भिंगाखाली बघितली. बहुतेक उतरत्या कडेची. अर्धवटही एक सापडलं.

रंगाचं कोणी सांगेल का?

भिंगातून

खरंच आहे. भूमध्य समुद्राकाठच्या म्युरेक्स गटातल्या गोगलगायींच्या एका ग्रंथीतून तो रंग काढत. फिनिशियन लोकांच्या टायर शहरावरून त्याला टायरियन पर्पल म्हणतात. १९०९ मध्ये पॉल फ्रीडलेंडर या रसायनशास्त्रज्ञाने १२ हजार गोगलगायींपासून जेमतेम १.४ ग्रॅम रंग मिळवला आणि त्याची रचना शोधली. डायब्रोमोइंडिगो, म्हणजे आपल्या निळीचाच रेणू आणि त्यावर ब्रोमिनचे दोन अणू. तुमच्या आत्याचा काटेरी त्याच कुळातला, पण रिकाम्या शंखातून काही निघणार नाही हो.

रंगाईवाला

म्हणजे हा व्हॅट डायच झाला! निळीच्या पिंपातून सूत वर काढलं की आधी पिवळट-हिरवं दिसतं आणि हवा लागली की डोळ्यांदेखत निळं होतं. यातही तसंच होत असणार.

भिंगातून

हो, तसंच. एक गंमत जास्तीची आहे. पाण्यात विरघळलेल्या अवस्थेत त्या रंगावर ऊन पडलं तर ब्रोमिन सुटतो आणि जांभळ्याऐवजी निळा हाती येतो. एका धाग्यावर नीळ चढवून ती शेजारी ठेवा, रेणूंची चित्रं वर लावा. हे तुमच्याइतकं चांगलं दुसरं कोणी सांगू शकणार नाही.

तुळजापूर रोड

कवड्यांबद्दल राहिलं. आमच्याकडे भवानीच्या आराध्यांच्या गळ्यात कवड्यांची माळ असते, तीच ही छोटी कवडी. समुद्रापासून इतक्या लांब ही आली कशी, याची उत्सुकता मला लहानपणापासून. मालदीवच्या समुद्रातून जहाजं भरभरून कवड्या बंगालला जायच्या आणि तिथे शतकानुशतकं चलन म्हणून चालायच्या. 'फुटकी कवडीही देणार नाही' हे आपण उगाच म्हणत नाही.

आणि चमक म्हणाल तर पॉलिश कोणी केलेलं नसतं. जिवंतपणी प्राण्याचं प्रावार, म्हणजे अंगावरची मऊ घडी, दोन्ही बाजूंनी वर येऊन कवच झाकते आणि बाहेरूनही थर चढवत राहते. पिल्लू असताना कवडी साध्या शंखासारखी पीळदार असते. मोठी झाली की ओठ आत वळतात, त्यांना दाते येतात, आणि पीळ आत गडप. एक कवडी कानशीने उभी घासून अर्धी करा, आतला पीळ दिसतो. माळेतली मात्र घेऊ नका, घरात ऐकून घ्यावं लागेल.

खाडीकाठ

तो वेटोळ्याचा, तांबूस पट्ट्यांचा, वर्णनावरून नॉटिलस वाटतो. तो तुमच्या चौथ्या घराण्यातला, आत कप्पे असतात. पण तो टेबलावर मांडू नका. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या अनुसूचीत २००१ साली काही शंख-शिंपले घातले, आणि नॉटिलस थेट अनुसूची १ मध्ये आहे. मोठा ट्रायटन शंखही तसाच. यात्रेच्या ठिकाणी उघड्यावर विकलेला होता, जुना आहे, ही सबब चालत नाही. सोलापूरच्या वनविभागाच्या कार्यालयात जाऊन सरळ विचारा. प्रदर्शनात चित्र पुरे.

भिंगातून

दक्षिणावर्तीचं. शंखाचा पिळाचा टोकदार भाग वर आणि तोंड आपल्याकडे धरा. तोंड उजवीकडे आलं तर तो नेहमीचा. डावीकडे आलं तर दुर्मीळ, पूजेत त्यालाच दक्षिणावर्ती म्हणतात, कारण तिथे शंख उलटा, शेपटी वर करून धरतात. मन्नारच्या आखातात मिळणाऱ्या आपल्या पूजेच्या शंखात, म्हणजे टर्बिनेला पायरममध्ये, असा नग अगदी क्वचित सापडतो. बाजारात त्याच्या नावाखाली सर्रास विकला जातो तो अमेरिकेच्या किनाऱ्यावरचा लायटनिंग व्हेल्क. ती जात जन्मजातच डावरी, त्यात दुर्मीळ काही नाही. तोंडात टॉर्च मारून मधल्या दांड्यावर बघा. खऱ्या शंखाला तिथे तीन-चार ठळक वळ्या असतात, व्हेल्कचा दांडा गुळगुळीत.

रंगाईवाला

टॉर्च मारला. गुळगुळीत. सासरेबुवांना कोण सांगणार, एवढाच प्रश्न उरला. लेक म्हणते, 'डाव्या पिळाची जात' अशी चिठ्ठी लावून टेबलावर ठेवूया, त्यांना मान मिळाला असंही वाटेल.

पाणथळ

सगळं मेलेलंच मांडणार का? कवच नसलेल्यांना तर जागाच नाही दिली तुम्ही. समुद्री गोगलगायींत कवच टाकून दिलेल्यांची मोठी जमात आहे. न्यूडिब्रँक तर रंगांत फुलपाखरांना मागे टाकतील. एलिसिया नावाची एक शैवालातली हरितलवकं, म्हणजे हिरवं द्रव्य असलेले सूक्ष्म कण, खाऊन न पचवता अंगात साठवते. तिच्याच जवळच्या जाती स्वतःचं डोकं धडापासून वेगळं करून नवं धड वाढवतात, हे जपानमध्ये २०२१ साली नोंदलं गेलं. आणि उलट टोकाची बघायची तर आपल्याच हिंदी महासागराच्या तळाशी, गरम झऱ्यांजवळ राहणारी खवलेवाली. तिच्या पायावरच्या खवल्यांवर लोहाच्या संयुगाचा थर असतो. यांचे फोटो छापून लावा.

जिवंत हवं असेल तर आपल्या तळ्यातली पायला गोगलगाय आणा. काचेच्या बरणीला आधी चार दिवस उन्हात शेवाळ धरू द्या, मग तिला सोडा. काचेवरून चढताना तोंड उघडतं, जीभ बाहेर येते आणि शेवाळात खरवडलेली रेघ उमटत जाते. भोकं पाडणारी नॅटिका वापरते तेच हत्यार. पायलाला कल्ला आणि फुप्फुस दोन्ही असतात, तळं आटलं की झाकण लावून चिखलात पडून राहते. उजनीला मुग्धबलाक करकोचे तिच्यासाठीच तर येतात, ती फटीची चोच गोगलगाय काढायच्या कामाची. हाताळल्यावर साबणाने हात धुवा, तळ्यातल्या गोगलगायींत परजीवी असू शकतात. आणि जिथून आणली तिथेच परत सोडा.

रंगाईवाला

बरणी आजच गच्चीवर ठेवली. शेवटचं एकच. ती पीठ निघणारी पांढरी होडी? आत्या म्हणते समुद्रफेन, पूर्वी औषधात उगाळायचे. ही कुठल्या रांगेत?

खाडीकाठ

आत्याबाईंचं बरोबर आहे. कटलफिशच्या आतलं कवच ते, म्हणजे ऑक्टोपस-माकुलाच्या रांगेत. नॉटिलस काढल्यावर तिथे जागा रिकामीच झाली होती. ब्लेडने आडवा काप घ्या, एकावर एक बारीक कप्पे दिसतील. त्यांत हवा-पाणी कमीजास्त करून प्राणी वर-खाली तरंगतो. कापताना तोंडाला रुमाल बांधा, भुकटी घशात जाते. आणि धागा लाल.