बँका असताना उद्योगाला विकास वित्तसंस्था कशाला?

प्रश्न:
बँकांकडे एवढ्या ठेवी पडलेल्या असताना कारखान्याला कर्ज द्यायला वेगळी विकास वित्तसंस्था का लागते? आणि ती इतकी गरजेची असेल, तर आयसीआयसीआय आणि आयडीबीआय या अशाच संस्थांची पुढे बँक का झाली?

प्रतिसाद १:
सगळा खेळ मुदतीचा आहे. ठेव एक ते तीन वर्षांची, कारखान्यातला पैसा मात्र दहा-बारा वर्षं अडकतो. आकडे मांडून बघा. प्रकल्प ९० कोटींचा. प्रवर्तकांचे ३०, कर्ज ६०, व्याज १० टक्के. उत्पादन सुरू झाल्यावर कर्जफेडीसाठी वर्षाला १५ कोटी उरतात असं धरू. मुद्दल ५ वर्षांत फेडायचं तर पहिल्या वर्षी १२ कोटी मुद्दल आणि ६ कोटी व्याज, म्हणजे १८. कारखाना चांगला चालूनही थकबाकीत! तेच १२ वर्षांत फेडायचं तर ५ आणि ६ मिळून ११ कोटी. डीएससीआर, म्हणजे हाती उरणारा पैसा भागिले त्या वर्षी फेडायचं मुद्दल-व्याज, ०.८३ वरून १.३६ वर जातो. यंत्रं तीच, माल तोच, फक्त मुदत बदलली.

प्रतिसाद २:
मुदतीइतकंच महत्त्व प्रकल्पाच्या छाननीला आहे, त्यावर फार कमी बोललं जातं. विकास वित्तसंस्थेचं खरं कसब तिथेच दिसतं. यंत्रांच्या कोटेशनची बाजारभावाशी पडताळणी करावी लागते, कारण ४० कोटींच्या यंत्राचं बिल ५० कोटींचं केलं की प्रवर्तकाचे १० कोटी फक्त कागदावर राहतात. म्हणून आधी प्रवर्तकाचा वाटा आणायला लावायचा, अभियंत्याने जागेवर जाऊन काम पाहिल्यावरच पुढचा हप्ता सोडायचा, आणि तोही थेट यंत्र पुरवठादाराला द्यायचा.

बांधकामाच्या काळातलं व्याजही प्रकल्पखर्चातच धरायचं. वरच्या उदाहरणात ६० कोटी दोन वर्षांत सारख्या गतीने उचलले तर हे व्याज साधारण ६ कोटी होतं. पूर्ण कर्ज उचलल्यावर वीजजोडणी किंवा एखाद्या परवान्यापायी वर्षभर उशीर झाला, की आणखी ६ कोटी. तोवर विक्री शून्य. बरेच प्रकल्प इथेच आजारी पडतात, बाजारात माल न्यायच्या आधीच.

दुसरी नेहमीची चूक म्हणजे खेळत्या भांडवलाचं मार्जिन, म्हणजे त्यातला प्रवर्तकाने स्वतः घालायचा वाटा, प्रकल्पखर्चात न धरणं. मग कारखाना तयार, पण कच्चा माल घ्यायला पैसा नाही. जमीन-यंत्रांवर पहिला बोजा (वसुलीचा पहिला हक्क) मुदत कर्ज देणाऱ्याचा, साठा आणि येणी यांवर बँकेचा, ही वाटणी सुरुवातीलाच लेखी करून घ्यावी.

प्रतिसाद ३:
प्रश्नाच्या दुसऱ्या भागाबद्दल. आपल्या जुन्या विकास वित्तसंस्थांपैकी आयएफसीआय १९४८ ची, आयसीआयसीआय १९५५ ची, आयडीबीआय १९६४ ची. यांना स्वस्त, लांब मुदतीचा पैसा मिळायचा: सरकारी हमीचे रोखे, आणि रिझर्व्ह बँकेच्या नफ्यातून भरला जाणारा दीर्घ मुदतीचा औद्योगिक पतनिधी. १९९० च्या दशकात ही वाट आटली. रोखे बाजारदराने विकावे लागले, कर्ज महाग झालं. मोठ्या, सशक्त कंपन्या परदेशी कर्ज आणि भांडवल बाजाराकडे वळल्या. मागे राहिले ते जास्त जोखमीचे ग्राहक. त्यात पोलाद आणि कापड उद्योगातली कर्जं बुडू लागली. स्वस्त ठेवी मिळवायच्या तर बँक होणं भाग होतं. आयसीआयसीआय २००२ मध्ये आपल्याच बँकेत विलीन झाली, आयडीबीआय २००४ मध्ये बँक बनली.

प्रश्नकर्ता:
पण आता बँकाही बारा-पंधरा वर्षांचं कर्ज देतातच की?

प्रतिसाद ३:
देतात, आणि त्याची किंमतही मोजली आहे. २००० नंतर बँकांनी अल्पमुदतीच्या ठेवींवर वीज आणि रस्ते प्रकल्पांना लांब मुदतीची कर्जं दिली. त्यातली बरीच थकली. म्हणूनच पायाभूत प्रकल्पांसाठी २०२१ मध्ये कायदा करून नॅबफिड ही नवी विकास वित्तसंस्था स्थापन करावी लागली. जर्मनीच्या केएफडब्ल्यू या सरकारी विकास बँकेची रचना बघण्यासारखी आहे. १९४८ मध्ये मार्शल योजनेच्या, म्हणजे युद्धानंतरच्या अमेरिकी मदतीच्या, पैशातून ती उभी राहिली. ती जनतेकडून ठेवी घेत नाही, सरकारी हमीवर रोखे विकते आणि लहान उद्योगाला त्याच्या नेहमीच्या बँकेमार्फत पैसा देते. उद्योगाला ओळखणारी बँक, आणि मुदत देणारी संस्था वेगळी. आपल्याकडे लहान उद्योगांसाठीची विकास वित्तसंस्था सिडबी बँकांना जे पुनर्वित्त देते (बँकेने दिलेल्या कर्जापोटी बँकेलाच पैसा पुरवते), ते याच जातीचं आहे.