मारामारी हातापायांची की कात्रीची?

रात्रपाळी: काल 'पोलीस स्टोरी' (1985) परत पाहिला. शेवटी जॅकी चॅन मॉलमधल्या दिव्यांनी लगडलेल्या खांबावरून घसरत खाली येतो. ती घसरण लागोपाठ तीनदा दाखवलीय, वेगवेगळ्या बाजूंनी. लहानपणी मला वाटायचं कॅसेट अडकली! संकलक पीटर च्युंग. 'फिस्ट ऑफ फ्युरी' (1972) त्याचाच, 'वे ऑफ द ड्रॅगन' त्याचा, 'प्रोजेक्ट ए' त्याचा, 'रम्बल इन द ब्राँक्स' (1995) सुद्धा. ब्रूस लीपासून जॅकीपर्यंत टेबलावर हाच माणूस, आणि नाव कुणाच्या तोंडी नाही. आपण 'काय हाणतो राव' म्हणतो, त्यातला निम्मा मार कात्रीचा असतो असं माझं ठाम मत आहे.

बिनफोडणी: निम्मा? काहीतरीच. 'वे ऑफ द ड्रॅगन'मधली कोलोसियमची मारामारी बघा. ली आणि चक नॉरिस, बराच वेळ दोघंही डोक्यापासून पायापर्यंत दिसतात. लाथ बसते ती लीच्या पायामुळे. संकलकाने लुडबुड केली नाही, एवढंच त्याचं मोठेपण. शिवाय दिग्दर्शकही लीच होता.

रात्रपाळी: लुडबुड नाही? अहो, ते मांजराचं पिल्लू विसरलात! दोघं एकमेकांच्या जिवावर उठलेत आणि मध्येच ते म्याँव करतं. रोममध्ये थोडंसंच चित्रण झालं, बाकी कोलोसियम म्हणजे हाँगकाँगचा सेट. असे सांधे बुजवायला पिल्लू फार कामाचं.

कट टू मंगलाष्टक: पोटासाठी लग्नाचे व्हिडिओ कापतो, म्हणून तोंड घालतो. हाँगकाँगची जुनी युक्ती अशी: लांबच्या शॉटमध्ये गुद्दा बसतो, मग जवळच्या शॉटमध्ये तोच गुद्दा दोन-तीन फ्रेम आधीपासून पुन्हा येतो. सेकंदाला 24 फ्रेम, म्हणजे तीन फ्रेम हा सेकंदाचा आठवा भाग. डोळ्याला पुनरावृत्ती कळत नाही, फटका मात्र दुप्पट लागतो. एकदा घरी बसून मी त्या जादा फ्रेम काढून पाहिल्या. हालचाल अगदी बिनचूक जुळली आणि गुद्दा पार पोचट झाला, टपली मारल्यासारखा. तेव्हा तिकडे चित्रण बहुतेक मुकंच व्हायचं, आवाज मागाहून भरायचे, त्यामुळे कापताना संवादांचा जाच नव्हता. (आमच्याकडे अक्षता पडताना भटजींचं 'सावधान' मध्येच तुटलं तर वधूपिता पैसे अडकवतो.)

बिनफोडणी: युक्ती मान्य. पण मुळात गुद्दा नीट मारलेला लागतो. 'टेकन 3'मध्ये नायकाला एक कुंपण ओलांडायला डझनभर कट लागतात. तिथे कात्रीच कात्री आहे, माणूस कुंपणापलीकडे कसा गेला ते काही कळत नाही.

दगडी पाटा: ते वाईट कापणं झालं हो. दिग्दर्शक किंग हूचा 'अ टच ऑफ झेन' पाहा, 1975 साली कानमध्ये तांत्रिक पुरस्कार मिळालेला. बांबूच्या बनात शेंड्यावरून खाली शत्रूवर सूर मारलाय. जमिनीवर ट्रॅम्पोलिन, आणि पडद्यावर झेपेचे तुकडे, एकेक क्षणभराचा. अख्खी उडी एका शॉटमध्ये दाखवलेलीच नाही, ती आपण मनात जोडतो. संकलनाला किंग हू स्वतः बसायचा.

बिनफोडणी: मग 'गेम ऑफ डेथ'चं काय? ली जुलै 1973 मध्ये गेला. त्याने पॅगोडातल्या मारामाऱ्या तेवढ्या चित्रित केल्या होत्या. 1978 साली बाकीचा सिनेमा तोतयाला काळा चष्मा चढवून जोडला. एका ठिकाणी तर आरशावर लीच्या चेहऱ्याचं कात्रण चिकटवलंय! त्याच्या खऱ्या अंत्यविधीची दृश्यंही सोडली नाहीत, ते मला आजही किळसवाणं वाटतं. तास-दीड तास कात्री चालते आणि आपण जांभया देतो. मग खरा ली पिवळ्या कपड्यांत येतो आणि आपण सावरून बसतो. कुठे गेला तो निम्मा मार?

रात्रपाळी: निम्मा म्हटलं होतं, अख्खा नाही.

कट टू मंगलाष्टक: 'फिस्ट ऑफ फ्युरी'चा शेवट आठवा. ली बंदुकांवर झेपावतो, चित्र हवेतच गोठतं, वर गोळ्यांचा आवाज. आणखी चार फ्रेम जाऊ दिल्या असत्या तर तो खाली यायला लागला असता.

बिनफोडणी: आणि मुळात तेवढा वर गेलाच नसता, तर गोठवलं काय असतं?